स्त्रीपार्टी नट ते संत : विष्णुपंत पागनीस यांच्या अभिनयप्रवासाचा पुनर्विचार

१

पिंपरी-चिंचवड आणि चाकण या दोन औद्योगिक पट्ट्यांच्या मध्ये, इंद्रायणीच्या काठी देहू वसले आहे. तुकोबांच्या एकांताची स्थाने म्हणून परंपरेने मानलेले भंडारा, भामचंद्र आणि घोराडेश्वर हे तिन्ही डोंगर याच टापूत येतात. १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला, १९८२ साली पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली, पुढे चाकणच्या माळावर मोटारींचे कारखाने आले. आणि तरीही दर वर्षी ज्येष्ठात देहूहून निघालेल्या पालखीचा मुक्काम आकुर्डीच्या विठ्ठलमंदिरात पडतोच. या परिसरातील महाविद्यालयांत तुकोबांचे अभंग शिकवताना अध्यापकाला एक अनुभव हमखास येतो. विद्यार्थ्यांनी गाथा वाचलेली नसते, परंतु तुकोबा कसे दिसत, कसे चालत, कसे गात याविषयी त्यांच्या मनात एक निश्चित प्रतिमा असते. शांत चेहरा, अर्धोन्मीलित डोळे, हातात वीणा आणि चिपळ्या, देहबोलीत कमालीचे मार्दव. ही प्रतिमा घरातील वडीलधाऱ्यांकडून, तसबिरींतून आणि दूरदर्शनवर पाहिलेल्या एका जुन्या चित्रपटातून त्यांच्यापर्यंत आलेली असते. ती पुष्कळ अंशी एका नटाची आहे, हे सांगितले की ते चकित होतात. तो नट आपल्या उमेदीच्या काळात स्त्रीभूमिका करीत असे, हे कळल्यावर तर काहींना ते खरेही वाटत नाही.

तो नट म्हणजे विष्णुपंत पागनीस. १९३६ सालच्या प्रभातच्या ‘संत तुकाराम’ या चित्रपटातील त्यांची भूमिका मराठी चित्रपटाच्या इतिहासात अढळ स्थान मिळवून बसली आहे. या यशाचा उल्लेख करताना पागनिसांच्या आयुष्याची साधारणपणे दोन खंडांत विभागणी केली जाते. पहिला खंड संगीत रंगभूमीवरील स्त्रीभूमिकांचा, दुसरा चित्रपटांतील संतभूमिकांचा. पहिला मागे पडला म्हणून दुसरा साध्य झाला, असा या मांडणीचा गर्भितार्थ असतो. नटाचा विकास म्हणजे आरंभीच्या भूमिकांपासून मुक्ती, हे त्यामागील गृहीतक होय. प्रस्तुत लेखात या गृहीतकाचीच तपासणी करावयाची आहे. पागनिसांनी स्त्रीभूमिका सोडली हे खरे. पण स्त्रीभूमिकेने त्यांना जे दिले होते ते त्यांनी सोडले नाही. त्यांचे तुकाराम त्याच शिदोरीवर उभे राहिले. आणि ज्या भूमिकेने त्यांना पहिल्या साच्यातून बाहेर काढले, तिनेच त्यांच्याभोवती दुसरा, अधिक घट्ट साचा उभा केला. या दोन्ही गोष्टी एकत्र पाहिल्याखेरीज त्यांच्या चरित्राचा अर्थ लागत नाही, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

२

विष्णुपंतांचा जन्म १८९२ साली आजच्या कर्नाटकातील बेळगाव जिल्ह्यातल्या चिकोडी येथे झाला. हा मुलूख मराठी आणि कानडी या दोन्ही भाषांचा. सांगली, मिरज, कोल्हापूर, हुबळी, धारवाड अशा गावांमधून नाटकमंडळ्यांची ये-जा सतत चाले. गळा गोड असलेला, चेहऱ्याने नाजूक मुलगा दिसला की मंडळीच्या चालकांचे लक्ष त्याच्याकडे जावे, असा तो काळ होता. विष्णुपंतही कोवळ्या वयात अशाच एका मंडळीत दाखल झाले. ती मंडळी म्हणजे कोल्हापूरच्या परिसरात नावारूपाला आलेली स्वदेश हितचिंतक नाटक मंडळी.

या मंडळीचे मराठी रंगभूमीच्या इतिहासातील महत्त्व वेगळे सांगावयास नको. पुढे ललितकलादर्शाची स्थापना करणारे केशवराव भोसले याच मंडळीत बालनट म्हणून घडले आणि ‘शारदा’तील नायिकेच्या भूमिकेने प्रसिद्धीला आले. त्याच मंडळीच्या तालमीत पागनिसांच्याही अभिनयाचा पाया घातला गेला. नाटकमंडळी ही त्या काळी शाळा, वसतिगृह आणि पेढी या तिन्हींचे मिश्रण असे. मुलाचे गाणे, पाठांतर, उठणेबसणे, जेवणखाण हे सारे मंडळीच्या शिस्तीत चाले. अशा शिस्तीत वाढलेल्या मुलासाठी अभिनय हे दिवसभराच्या वागण्याचे वळण होऊन जाई. संध्याकाळी अंगावर चढवून रात्री उतरवून ठेवण्याची ती वस्तू राहत नसे. हा मुद्दा पुढील विवेचनाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे.

१८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘शाकुंतल’ने संगीत नाटकाचे युग सुरू झाले, तेव्हापासून सुमारे अर्धशतक मराठी रंगभूमीवरील नायिका पुरुषांनीच उभी केली. स्त्रीपार्टी नटाकडून मंडळी आणि प्रेक्षक यांची अपेक्षा नेमकी काय असे, हे पाहिले पाहिजे. नऊवारी नेसून सहजपणे वावरणे, पदर सावरणे, पाऊल लहान टाकणे ही त्यातली बाह्य अंगे झाली. त्याहून अवघड होते ते नजरेचे शिक्षण. समोरच्या पात्राकडे थेट न पाहता त्याच्याविषयीचा भाव प्रेक्षकांपर्यंत पोहोचविणे, हालचालीचा वेग कमी करून भावनेचा वेग वाढविणे, रागातही आवाजाचे मार्दव न सोडणे आणि गाण्यातून लाज, विरह, आर्जव यांची निवड करून मांडणी करणे, हे त्या नटाचे खरे भांडवल असे. हे भांडवल मिळविण्यास पाच-दहा वर्षे लागत आणि ते एकदा अंगात मुरले की सहजासहजी निघत नसे.

३

स्त्रीपार्टी नटाच्या कारकिर्दीत एक अटळ वळण येई. आवाज फुटतो, शरीर भरते, वय वाढते. मग काय करावयाचे, हा प्रश्न प्रत्येकापुढे उभा राही आणि प्रत्येकाने त्याचे उत्तर आपापल्या परीने शोधले. भाऊराव कोल्हटकर हे आरंभीचे मोठे उदाहरण. स्त्रीभूमिकांत अपार लोकप्रियता मिळविल्यावर ते पुरुषभूमिकांकडे वळले. केशवराव भोसले यांचा मार्गही तोच. ८ जुलै १९२१ रोजी टिळक स्वराज्य फंडाच्या मदतीसाठी मुंबईत झालेल्या संयुक्त ‘मानापमान’च्या प्रयोगात ते धैर्यधर होते आणि भामिनी होती बालगंधर्वांची. एकाने स्त्रीभूमिका मागे ठेवलेली, दुसऱ्याने ती आपली ओळखच केलेली. अशी दोन उत्तरे त्या रात्री एकाच रंगमंचावर समोरासमोर उभी होती. त्यानंतर तीनच महिन्यांनी केशवरावांचे निधन झाले.

पागनिसांच्या पिढीतील नटांपुढे मात्र वयापेक्षाही मोठा पेच आला. १९३२ साली प्रभातचा पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ प्रदर्शित झाला. त्यात तारामतीची भूमिका दुर्गा खोटे यांनी केली. १९३३ साली नाट्यमन्वंतरने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले आणि त्यात स्त्रीभूमिका स्त्रियांनीच केल्या; ज्योत्स्ना भोळे यांचे नाव त्या प्रयोगाशी कायमचे जोडले गेले. एका वर्षाच्या अंतराने घडलेल्या या दोन घटनांनी स्त्रीपार्टी नटाची गरजच संपत आली असल्याचे स्पष्ट केले. त्यातच बोलपटाने संगीत नाटकाचा प्रेक्षक आपल्याकडे ओढून घेतला आणि अनेक मंडळ्या डबघाईला आल्या. म्हणजे पुरुषाने स्त्रीभूमिका करण्याची प्रथा संपत होती आणि जिथे तो पुरुषभूमिका मागावयास जाईल ती रंगभूमीही खचत होती. ज्या कौशल्यासाठी माणसाने बालपण दिले, त्या कौशल्याला बाजारात भाव उरला नाही. पिंपरीच्या परिसरात राहणाऱ्या वाचकाला ही अवस्था अपरिचित वाटणार नाही. एखादे यंत्र कालबाह्य झाले की त्यावर हात बसलेल्या कारागिराचे काय होते, हे येथील अनेक घरांनी पाहिले आहे.

या काळात पागनिसांना आधार राहिला तो त्यांच्या गळ्याचा. सारंग रागात त्यांनी म्हटलेल्या ‘वंदे मातरम्’ची ध्वनिमुद्रिका निघाली आणि त्या गीताच्या गायनेतिहासात तिची आजही आठवण ठेवली जाते. भजन हा त्यांच्या गायनाचा आणि स्वभावाचाही विशेष. नायिकेचा साज उतरला, पण त्या साजाखालचे आर्त गाणे शिल्लक राहिले, असे या टप्प्याचे वर्णन करता येईल. चाळिशी उलटलेल्या या गायक नटाला नव्या माध्यमात नायकाची भूमिका मिळेल, असे मात्र त्या वेळी कोणास वाटले असेल असे दिसत नाही.

४

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात स्थापन झालेली प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली पुण्यात आली. व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे तिचे संस्थापक. संतचरित्रावर बोलपट काढण्याचा प्रभातचा पहिला मोठा प्रयत्न म्हणजे १९३५ सालचा ‘धर्मात्मा’. शांतारामांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात संत एकनाथांची भूमिका केली होती प्रत्यक्ष बालगंधर्वांनी. त्या वेळी त्यांचे वय सत्तेचाळीसच्या आसपास होते. महाराष्ट्राची सर्वांत लाडकी नायिका पुरुषवेषात, तीही संताच्या भूमिकेत पडद्यावर येणार, याचे कुतूहल मोठे होते. परंतु बालगंधर्वांचा जीव त्या माध्यमात रमला नाही. प्रभातशी असलेले नाते त्यांनी लवकरच सोडले. पुढे १९३७ साली ते पुन्हा पडद्यावर आले ते ‘साध्वी मीराबाई’मध्ये मीरेच्या भूमिकेत, म्हणजे पुन्हा स्त्रीवेषातच, आणि रंगभूमीवर तर उतारवयापर्यंत त्यांनी नायिका केली.

‘धर्मात्मा’नंतर वर्षभरातच प्रभातने ‘संत तुकाराम’ हाती घेतला. दिग्दर्शन दामले आणि फत्तेलाल यांचे, कथा शिवराम वाशीकर यांची, गीते शांताराम आठवले यांची, संगीत केशवराव भोळे यांचे. नायक म्हणून पागनिसांचे नाव पुढे आले तेव्हा दिग्दर्शकद्वय आरंभी राजी नव्हते. स्त्रीभूमिकांच्या सवयीने पागनिसांच्या हालचालीत आलेला बायकी नाजूकपणा तुकोबांना शोभणार नाही, अशी त्यांची शंका होती. ही शंका अवाजवी म्हणता येणार नाही. बालगंधर्वांचा अनुभव ताजा होता. शिवाय तुकोबा हे देहूच्या मोरे घराण्यातील, शेती आणि वाणसामानाचा व्यवसाय असलेल्या कुटुंबातील पुरुष. दुष्काळाने पोळलेला, रोखठोक बोलणारा, दांभिकांवर शब्दांचे आसूड ओढणारा हा कवी रंगवण्यासाठी रांगडा, भरदार नट हवा, असे कोणालाही वाटले असते.

येथे निर्णायक प्रश्न उभा राहतो. पागनिसांनी हा नाजूकपणा टाकून दिला आणि म्हणून ते तुकाराम झाले, की तो नाजूकपणाच तुकारामाच्या कामी आला? चित्रपट पुन्हा पाहिला असता दुसरे उत्तर अधिक ग्राह्य ठरते.

५

‘संत तुकाराम’मधील पागनिसांच्या अभिनयाचे पहिले लक्षण म्हणजे त्यांची नजर. ती समोरच्या पात्रावर क्वचितच रोखलेली असते. विठ्ठलमूर्तीसमोर बसून गाताना ती किंचित वर आणि आत वळलेली असते. सालोमालो टाकून बोलतो तेव्हा ती खाली झुकते. जिजाईच्या रागापुढे ती क्षमा मागते, पण हार मानत नाही. थेट न पाहता भाव पोहोचविण्याची ही कला रंगभूमीवरील नायिकेची आहे. नायिका ज्या संकोचाने नजर खाली घेई, तोच संकोच येथे ईश्वराच्या सान्निध्यातील नम्रता होऊन येतो. दुसरे लक्षण गतीचे. चित्रपटात सर्वजण धावतात, भांडतात, कट रचतात. तुकाराम मात्र संथ चालतात. मुले अंगावर चढतात तरी त्यांच्या चालीतील लय मोडत नाही. तिसरे लक्षण गायनाचे. पागनीस स्वतः गायले आणि भोळे यांनी चाली भजनाच्या अंगाने ठेवल्या. संगीत नाटकातील पदात पांडित्य दाखविण्यास जी मोकळीक असे, ती येथे नाही. पागनीस तान आवरतात आणि शब्दाला पुढे येऊ देतात. आठवले यांनी या चित्रपटासाठी रचलेला एक अभंग तुकोबांचाच आहे असा समज पसरला. त्याचे श्रेय कवीच्या शैलीज्ञानाला आहेच. परंतु तो तुकोबांच्याच तोंडून आल्याची खात्री ऐकणाऱ्याला गायकामुळे पटली, हेही नमूद करावयास हवे.

या अभिनयाला समतोल देणारी दुसरी बाजू म्हणजे गौरी यांची जिजाई. ती रांगडी, कष्टाळू, भाकरीची चिंता करणारी आणि देवालाही जाब विचारणारी. परंपरेने पुरुषाकडे दिलेला कणखरपणा चित्रपटात तिच्याकडे आहे आणि स्त्रीकडे दिलेले मार्दव तुकारामांकडे. डोंगरावर एकांतात बसलेल्या नवऱ्याला ती जेवण घेऊन जाते आणि स्वतः भरविते, त्या प्रसंगात ही अदलाबदल अत्यंत हृद्य रीतीने दिसते. एखाद्या भरदार नायकाने हा प्रसंग केला असता तर तो विनोदी तरी झाला असता किंवा शृंगारिक तरी. पागनिसांनी तो वात्सल्याचा केला. आणि वात्सल्य घेणारा पुरुष होता.

मराठी साहित्याच्या अभ्यासकाला यात नवल वाटण्याचे कारण नाही. वारकरी परंपरेत विठ्ठल हा माउली आहे आणि भक्त हा कधी लेकरू, कधी माहेराची वाट पाहणारी सासुरवाशीण, कधी विरहिणी होतो. तुकोबांच्या गाथेत विराण्यांचा जो गट आहे त्यात कवी लोकलाज सोडून परपुरुषाच्या ओढीने घराबाहेर पडलेल्या स्त्रीच्या मुखाने बोलतो. ज्ञानेश्वरांच्या विराण्यांपासून हा धागा चालत आला आहे. म्हणजे पुरुषाने स्त्रीचा आवाज घेणे ही संगीत रंगभूमीची सोय असेल, पण मराठी भक्तिकाव्याची ती जुनी रीत आहे. पागनिसांच्या देहात रुजलेले स्त्रीभूमिकेचे संस्कार आणि तुकोबांच्या काव्यातील स्त्रीभाव यांची येथे नकळत गाठ पडली. दिग्दर्शकांना जो दोष वाटला होता तो भूमिकेचा प्राण ठरला. असा योग केवळ नटाच्या कर्तबगारीने येत नाही. पण तो आला तेव्हा नटाने आपल्या पूर्वायुष्याची लाज बाळगली असती, तर तो वायाही गेला असता.

याची दुसरी बाजूही मांडली पाहिजे. गाथेतील तुकोबा केवळ मृदू नाहीत. त्यांच्या वाणीत उपहास आहे, संताप आहे, आत्मटीका आहे, प्रसंगी ग्राम्य शब्दही आहे. पागनिसांच्या तुकारामात हा अंश फारच क्षीण झाला आहे. त्यांच्या अभिनयाने तुकोबांचे एक अंग प्रकाशात आले आणि दुसरे झाकले गेले. मराठी मनाने हे पहिले अंगच पूर्ण तुकोबा म्हणून स्वीकारले. वर्गात गाथेतील कठोर अभंग वाचताना विद्यार्थी आजही बिचकतात, याचे एक कारण या प्रतिमेच्या यशात आहे. नटाच्या यशाची ही वाङ्मयीन किंमत म्हणावी लागेल.

६

‘संत तुकाराम’ १२ डिसेंबर १९३६ रोजी मुंबईच्या सेंट्रल सिनेमात प्रदर्शित झाला आणि सत्तावन्न आठवडे चालला. १९३७ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला. भारतीय चित्रपटाला परदेशात मिळालेली ती आरंभीची मोठी मान्यता होय. चित्रपट पूर्ण झाल्यानंतर पागनीस देहूला तुकोबांच्या स्थानाच्या दर्शनास गेले. या भेटीकडे केवळ उपचार म्हणून पाहता येणार नाही. प्रभातच्या आवारात फत्तेलालांच्या कलादृष्टीने उभे राहिलेले देहू त्यांनी महिनोन्महिने अनुभवले होते. आता इंद्रायणीकाठच्या खऱ्या देहूत ते आले. भूमिकेचे ऋण फेडण्याची ही नटाची रीत होती. पण तेथून परतलेला नट पुन्हा पूर्वीचा राहिला नाही, असे पुढील घटनांवरून म्हणावे लागते.

प्रेक्षकांनी त्यांना तुकोबांच्या ठायी पाहिले. लोक त्यांच्या पाया पडत. त्यांची तुकारामवेषातील छबी देवघरांत गेली. नटाला यापेक्षा मोठी दाद मिळणे शक्य नाही आणि यापेक्षा मोठे बंधनही नाही. १९३९ साली रणजित मूव्हीटोनच्या ‘संत तुलसीदास’मध्ये जयंत देसाई यांच्या दिग्दर्शनाखाली ते तुलसीदास झाले. १९४० साली प्रकाश पिक्चर्सच्या ‘नरसी भगत’मध्ये विजय भट्ट यांनी त्यांना नरसी मेहतांची भूमिका दिली. त्या चित्रपटात त्यांच्यासोबत दुर्गा खोटे होत्या. ज्या अभिनेत्रीच्या पदार्पणाने स्त्रीपार्टी नटांच्या युगाचा शेवट जवळ आणला, तिच्याच बरोबरीने एक माजी स्त्रीपार्टी नट संत म्हणून उभा होता. मराठी रंगभूमी आणि चित्रपट यांच्या इतिहासातील एक अख्खे स्थित्यंतर त्या एका जोडीत सामावले आहे. १९४३ साली ‘महात्मा विदुर’ आणि ‘भक्तराज’ हे चित्रपट आले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पागनीस निवर्तले. वयाची एक्कावन्न वर्षेही पूर्ण झाली नव्हती.

भूमिकांची ही मालिका पाहिली की एक गोष्ट चटकन ध्यानात येते. ‘संत तुकाराम’नंतर पागनिसांच्या वाट्याला जी नावाजलेली पात्रे आली ती सर्व संत, भक्त किंवा महात्मे. त्यांनी भाषा बदलली, प्रांत बदलला, चित्रपटसंस्था बदलली. साचा बदलला नाही. बालपणी मंडळीने त्यांना नायिकेत बसवले, मध्यमवयात चित्रपटसृष्टीने संतात बसवले. पहिल्या साच्यातून बाहेर पडण्यास काळाने त्यांना भाग पाडले होते. दुसऱ्या साच्यातून बाहेर पडण्यास कोणी भाग पाडले नाही, आणि तितके आयुष्यही त्यांच्यापाशी नव्हते. तुकारामाच्या भूमिकेपासून मृत्यूपर्यंतचा काळ सात वर्षांहून कमी भरतो.

याला अपयश म्हणावे काय? प्रस्तुत लेखकास तसे वाटत नाही. परंतु त्याला निखळ यश म्हणणेही नटावर अन्याय करणारे आहे. कलावंताच्या आयुष्यात एखादी भूमिका इतकी पूर्ण उतरते की तीनंतरची प्रत्येक भूमिका तिची छाया होते. पागनिसांचे तुलसीदास आणि नरसी मेहता यांचे मूल्यमापन त्यांच्या स्वतंत्र गुणांवर क्वचित होते. तुकारामाशी तुलना करूनच त्यांच्याकडे पाहिले जाते. त्याहून खेदाची गोष्ट ही की, तुकारामापूर्वीचे पागनीस तर इतिहासातून जवळजवळ पुसलेच गेले. स्वदेश हितचिंतकमधील त्यांच्या स्त्रीभूमिका एखाद्या वाक्यात उरकल्या जातात, जणू त्या त्यांच्या थोरवीला लागलेला डागच होत्या.

७

वरील विवेचनातून तीन निष्कर्ष काढता येतात. पहिला असा की, संगीत रंगभूमीवरील स्त्रीपार्टी नटाचा विचार करताना त्याच्या कौशल्याची अखेर त्या प्रथेच्या अखेरीबरोबर झाली असे मानता येणार नाही. ते कौशल्य दुसऱ्या माध्यमात, दुसऱ्या वेषात जिवंत राहिले आणि मराठी चित्रपटातील संतप्रतिमेच्या घडणीत त्याचा मोठा वाटा आहे. दुसरा निष्कर्ष बालगंधर्व आणि पागनीस यांच्या तुलनेतून निघतो. दोघेही स्त्रीभूमिकेतून प्रभातच्या संतपटात आले. बालगंधर्व हे स्वतःच एक संस्था होते; त्यांच्या प्रतिमेला दुसऱ्या प्रतिमेत विरघळणे शक्य नव्हते. पागनिसांचे नाव तितके मोठे नव्हते, म्हणून त्यांना विरघळता आले. कीर्ती कमी असणे हेही नटाच्या विकासाला कधीकधी अनुकूल ठरते. तिसरा निष्कर्ष असा की, नटाची वाढ ही जिन्याच्या पायऱ्यांसारखी नसते; खालची पायरी सोडल्याशिवाय वरची गाठता येत नाही असे तेथे नाही. ती झाडाच्या वाढीसारखी असते. जुने वलय आत राहते आणि नवे त्याभोवती चढते.

२०१२ साली चंद्रकांत कुलकर्णी यांनी ‘तुकाराम’ हा चित्रपट केला आणि जितेंद्र जोशी यांनी ती भूमिका स्वीकारली, तेव्हा शहात्तर वर्षांपूर्वीच्या प्रतिमेशी त्यांची तुलना होणे अपरिहार्य होते. तुकोबांची भूमिका करणाऱ्या कोणत्याही नटापुढे पागनीस उभे असतातच. गाथा शिकवणाऱ्या अध्यापकापुढेही ते उभे असतात. त्यांना बाजूला सारून गाथेकडे जाण्याची गरज नाही. ही प्रतिमा एका माणसाने, एका विशिष्ट तालमीतून, चाळिशी उलटल्यावर घडवली, एवढे विद्यार्थ्यांना सांगितले तरी पुरे. मग तसबिरीतला चेहरा नटाचा राहील आणि गाथेतला आवाज कवीचा. आणि दोघांचेही त्यात नुकसान होणार नाही. चिकोडीहून निघालेला, साडीचा पदर सावरायला शिकलेला एक मुलगा इंद्रायणीच्या काठी येऊन पोहोचला, ही मराठी अभिनयपरंपरेतील एक मोठी वाटचाल आहे. तिचा पहिला टप्पाही शेवटच्या टप्प्याइतक्याच आदराने नोंदवला जावा, एवढीच येथे अपेक्षा.